चेहरा एका रंगाचा, गळा दुसऱ्या

मंगळसूत्र बांधतानाचा फोटो लग्नाच्या कुठल्याही अल्बममधून काढून नीट बघा. नवऱ्याचे हात नवरीच्या मानेमागे, करवलीने गजरा नि केस वर धरलेले, नवरीची मान किंचित खाली. एकाच चौकटीत तिचा चेहरा, कान, गळा आणि हिरव्या चुड्यातले हात येतात. पुष्कळ अल्बमांत हे चारही वेगवेगळ्या बायकांचे वाटतात. चेहरा गुलाबट पांढरा, कान तांबूस, गळा गव्हाळ आणि मेंदीचे हात त्याहून सावळे. मग एडिटिंगला बसलेला मुलगा गळा आणि हात उजळ करून चेहऱ्याशी आणून जुळवतो, तो फोटो इन्स्टाग्रामवर जातो आणि तो बघून पुढची नवरी त्याच मेकअप आर्टिस्टला फोन लावते.

हा सगळा उलटा कारभार आहे. लग्नाच्या दिवशी मेकअपचं जे बिघडतं ते बहुतेक चार ठिकाणी: रंग चुकतो, वेळ चुकते, ठरवलेल्या माणसाऐवजी भलत्याच कुणाचा हात चेहऱ्याला लागतो, नाहीतर अस्वच्छ किंवा न मानवणाऱ्या सामानाने त्वचा पेटून उठते. यातलं एकही इन्स्टाग्रामवरच्या फोटोत दिसत नाही. फोटोत दिसतो तो काम संपल्यावरच्या पहिल्या दहा मिनिटांतला चेहरा, रिंग लाइटसमोरचा, बहुधा फिल्टर लावलेला. घराला रंग देणारा ठरवतानासुद्धा आपण त्याने दोन पावसाळ्यांमागे रंगवलेली भिंत बघून येतो. नवरीच्या चेहऱ्याचं काम मात्र ओल्या रंगाचा फोटो बघून देऊन टाकतो.

चारांपैकी रंगाचं आधी बोलायला हवं, कारण तिथे दोष एकट्या आर्टिस्टचा नसतो. खोलीत आई, मावशी, आत्या बसलेल्या असतात आणि कुणीतरी म्हणतंच, ‘ताई, जरा उजळ करा हं.’ ताईंना पुढची तीन कामं याच नातेवाइकांतून मिळायची असतात. त्या मग नवरीच्या रंगाहून दोन शेड फिकं फाउंडेशन उघडतात. नवरीला कुणी विचारत नाही. २०२० साली ‘फेअर अँड लव्हली’ने नावातला ‘फेअर’ काढून टाकला, त्याच वर्षी शादी डॉट कॉमने वर्णावरून स्थळ निवडण्याची सोय बंद केली. पाटी बदलली, पण कार्यालयातल्या वधूपक्षाच्या खोलीत मागणी जिथली तिथेच आहे.

गोरं दिसावं की नाही हा वाद बाजूला ठेवला, तरी हा प्रकार निव्वळ कारागिरी म्हणूनही फसतो. फिक्या शेडच्या फाउंडेशनमध्ये पांढरा रंग देणारं टायटॅनियम डायऑक्साइड जास्त असतं. तपकिरी त्वचेवर पांढऱ्याचा पातळ थर दिला की खालचा रंग त्यातून डोकावतो आणि एकूण छटा राखाडी दिसते. भस्म फासल्यासारखी. ते झाकायला आणखी एक थर येतो, मग त्यावर पावडर, आणि तीन तासांनी नाकाच्या कडेला, ओठांच्या कोपऱ्यांशी बेस, म्हणजे फाउंडेशनचा हा सगळा थर, फाटतो. फ्लॅशच्या फोटोंत आणखी एक गंमत होते. सिलिकाची ‘एचडी’ पावडर जास्त झाली असेल, किंवा आत झिंक ऑक्साइडचं सनस्क्रीन असेल, तर प्रकाश उलटा फेकला जातो आणि डोळ्यांखाली नि कपाळावर पिठाचे डाग पडल्यासारखं दिसतं.

डोळ्यांखालच्या काळेपणाचंही तेच. आपल्याकडच्या गव्हाळ-सावळ्या त्वचेत तो निळसर-तपकिरी असतो. त्यावर थेट फिकं कन्सीलर, म्हणजे डाग झाकणारं क्रीम, लावलं की राखाडी चंद्रकोर उमटते. आधी पीच किंवा नारिंगी करेक्टरचा अगदी पातळ हात, रंग फार सावळा असेल तर लालसर नारिंगी, आणि त्यावर त्वचेच्याच रंगाचं कन्सीलर. ओठांभोवतीच्या काळसर कडेलाही हाच उपाय. कपाळ आणि जबड्याची कड गालांपेक्षा सावळी असणं अगदी सर्रास आहे. चांगला हात तिथे दोन शेड वापरतो आणि मध्ये मिसळतो, एकाच बाटलीने सगळं लिंपत नाही.

म्हणून आर्टिस्टला पहिला प्रश्न विचारावा तो हा: शेड कुठे जुळवता? मनगटावर किंवा हाताच्या पाठीवर जुळवणाऱ्यांना नमस्कार करून बाहेर पडावं. जबड्याच्या कडेपासून गळ्यावर दोन बोटं खाली येईल अशा तीन पट्ट्या ओढायच्या, खिडकीशी जायचं आणि १५-२० मिनिटं थांबायचं. हे थांबणं फार महत्त्वाचं. अनेक फाउंडेशन हवा आणि त्वचेचं तेल लागलं की काळवंडतात किंवा नारिंगी होतात. लावल्या क्षणी जुळलेली शेड अर्ध्या तासात जुळेनाशी होते. जी पट्टी गळ्यात विरून जाते ती आपली. ती मावशींच्या अपेक्षेपेक्षा एक-दोन घरं सावळी निघाली, तर तोच तिचा योग्य रंग आहे आणि तोच आठ तास टिकणार आहे. दुपारी सूनमुख बघताना सासूबाई आरशात जो चेहरा पाहतात आणि दुसऱ्या दिवशी सकाळी चहा देताना जो पाहतात, ते दोन्ही एकाच मुलीचे असायला हवेत, इतकी तरी किमान अट ठेवायला हरकत नसावी.

आपल्या लग्नातल्या काही गोष्टी बाहेरच्या ट्युटोरियलमध्ये शिकायला मिळत नाहीत. हळद ही त्यातली सर्वांत मोठी. हळद आदल्या दिवशी लागत असेल तर एक रात्र मिळते. पण काही घरांत नवऱ्याकडची उष्टी हळद लग्नाच्याच सकाळी येते आणि तासाभरात नवरी मेकअपला बसते. हळदीतला पिवळा रंग पाण्यात विरघळत नाही, तेलात विरघळतो. अंगाचा साबण अल्कलीचा असतो आणि अल्कलीत हळद लालसर होते. चुन्याने हळदीचं कुंकू होतं तेच इथे घडतं. त्यामुळे साबणाने खसाखसा धुतलेला चेहरा पिवळा-तांबूस आणि वर घासून लाल झालेला अशा अवस्थेत खुर्चीत येतो. त्यावर जुळवलेली कुठलीही शेड खोटी. क्लिंझिंग बाम किंवा साधं खोबरेल दोन मिनिटं हलक्या हाताने चोळायचं, मऊ ओल्या कापडाने टिपायचं, मग सौम्य फेसवॉश. भुवया आणि केसांच्या कडेची बारीक लव पिवळा रंग सर्वांत घट्ट धरून ठेवते, म्हणून आत्याबाईंना आधीच सांगून ठेवावं: हातापायांना हवी तितकी लावा, कपाळाला फक्त बोट टेका. आर्टिस्टशी बोलताना ‘हळदीनंतर चेहरा कसा साफ कराल?’ एवढंच विचारलं, तरी समोरच्या बाईने मराठी लग्नं खरंच केलीत की नाही ते कळतं.

मुंडावळ्या दुसऱ्या. त्यांच्या लडी दोन्ही गालांवरून खाली लोंबतात आणि तीन-चार तास हनुवटी हलेल तशा घासत राहतात. गालांच्या त्या पट्ट्यावर क्रीम ब्लश ठेवला तर दुपारपर्यंत त्याची रेघ उरते. तिथे पावडर ब्लश आणि नीट बसवलेला बेस हवा. मुंडावळ्यांची गाठ डोक्यामागे येते, आणि ती नेमकी अंबाड्याच्या वरच्या कडेवर बसली की अंबाडा खाली सरकतो. गाठ कुठे येणार हे ठरवूनच अंबाडा किंवा खोपा बांधावा लागतो, फुलांची वेणी त्यानंतर. दाबाची नथ असेल तर नाकपुडीच्या त्या टिचभर जागेवर प्रायमर-फाउंडेशन लावूच नये. गुळगुळीत बेसवर नथ घसरते आणि मंगलाष्टकं चालू असताना एक हात सतत नाकाशी जातो. लाजाहोमाचा धूर तर सगळ्यांना ठाऊक आहे. पाणी येणारच डोळ्यांना. खालच्या पापणीच्या आतल्या कडेला मऊ काजळ भरलं असेल तर ते पाच मिनिटांत गालावर. जेल लायनर, वॉटरप्रूफ मस्कारा, आणि करवलीच्या हातात घडी घातलेला टिश्यू. टिपायचं, पुसायचं नाही.

एअरब्रश, एचडी, वॉटरप्रूफ असे शब्द दरपत्रकात पायऱ्यांसारखे लावलेले असतात आणि प्रत्येक पायरीला दर चढतो. एअरब्रश म्हणजे छोट्या कॉम्प्रेसरने उडवलेला पातळ थर. तो हलका बसतो, एकसारखा दिसतो. पण अश्रूंची धार लागली की त्यात नाली पडते आणि ती बोटाने किंवा स्पंजने सहज दुरुस्त होत नाही. पुटकुळ्यांचे डाग, खडबडीतपणाही त्याने फारसा झाकत नाही. मे महिन्यात रत्नागिरीच्या बिनएसी कार्यालयात दोन तास उभं राहायचं असेल, तर बेस हाताने की यंत्राने लावला यापेक्षा तो किती पातळ थरांत लावला आणि प्रत्येक थर दाबून बसवला का, यावर सगळं अवलंबून असतं. ज्यादा पैसे मोजण्याआधी त्याच आर्टिस्टकडून दोन्ही प्रकार अर्ध्या-अर्ध्या चेहऱ्यावर करून बघावेत.

म्हणजे ट्रायल हवीच. आणि ट्रायल म्हणजे अर्ध्या तासात डोळे रंगवून सेल्फी काढणं नव्हे. लग्नाच्या तीन ते पाच आठवडे आधी करावी. त्याहून आधी केली तर खरेदीच्या उन्हातल्या फेऱ्यांनी रंग बदललेला असतो. त्या दिवशी किंवा आदल्या दिवशी थ्रेडिंग, ब्लीच, फेशियल काहीच नको. सोबत खऱ्या ब्लाउजचं कापड, नथ, मुंडावळ्या, चंद्रकोर न्यावी, आणि अंगात पांढरा टी-शर्ट घालावा. पांढऱ्याच्या शेजारी चेहऱ्याचा खरा रंग दिसतो आणि गळ्याचा बेस कापडाला किती लागतो तेही समजतं. शालूच्या जरीवर लागलेला फाउंडेशनचा डाग ड्रायक्लीनिंगलाही दाद देईलच असं नाही.

मग तोच चेहरा घेऊन दिवसभर वावरायचं. एक फोटो खिडकीपाशी, एक ट्यूबलाइटखाली, एक फ्लॅश मारून, सगळे फोनच्या साध्या कॅमेऱ्याने. हेच तीन फोटो दोन तासांनी आणि सहा तासांनी पुन्हा. मध्ये वरण-भात जेवायचं, दोन जिने चढायचे, आईला मिठी मारायची. सहाव्या तासाला चेहरा थोडा तेलकट दिसला तर काही बिघडत नाही, टिश्यूने टिपला की झालं. कपाळ राखाडी, हसताना गालावर भेगा किंवा गळ्यापाशी रेघ दिसली, तर ते सुधारून दाखवायला सांगावं. नापसंती ऐकून आर्टिस्टने नवी शेड मिसळून दाखवली, तर ती लग्नाच्या सकाळीही हातघाईला येणार नाही. ‘लग्नाच्या दिवशी बरोबर होईल’ असं उत्तर आलं, तर काय समजायचं ते समजावं. ट्रायलचे पैसे द्यावे लागतात, ते मुकाट्याने द्यावेत. तीन तास आणि सामान लागतं. फुकट ट्रायल मागणाऱ्या घरांना फुकटाच्या लायकीचीच ट्रायल मिळते.

आता वेळ. आपल्याकडे लग्नाला मुहूर्त असतो आणि तो मिनिटांत असतो. समजा पत्रिकेत ११ वाजून ४ मिनिटं छापलंय. गौरीहरापाशी सव्वादहाला बसायचं. त्याआधी अर्धा तास फोटोग्राफर नवरीचे एकटीचे फोटो काढणार, म्हणजे पावणेदहाला तयार. साडी आणि दागिने ४५ मिनिटं, नऊवारी असेल तर त्यात कपात नाही. केस एक तास, मेकअप दीड तास, चेहरा स्वच्छ करून मॉइश्चरायझर मुरायला १५ मिनिटं. सव्वासहाला ब्रश हातात हवा. सामान मांडायला आणि गडबडीला अर्धा तास धरला, तर आर्टिस्ट पावणेसहाला कार्यालयात पोचलेली हवी. मध्येच गुरुजी पुण्याहवाचनाला हाक मारतात, आणि अर्धे डोळे झालेली नवरी पाटावर जाऊन बसते. म्हणून गुरुजींकडून विधींच्या वेळा विचारून त्याच कागदावर लिहाव्यात आणि आर्टिस्टला पाठवाव्यात. जमलं तर कर्लिंगचं, इस्त्रीचं काम मेकअपच्या आधी उरकावं. १८०-२०० अंशांचं यंत्र चेहऱ्याशेजारी फिरलं की कपाळाला घाम येतोच. ब्लाउज डोक्यावरून घालायचा असेल तर तोही आधी. ही बाब दरवेळी कुणीतरी विसरतं.

वेळेचा खरा घोटाळा मात्र ‘साइड मेकअप’मध्ये असतो. नवरीची आई, दोन करवल्या, सासूबाई, वहिनी. माणशी ३५ मिनिटं धरली तरी पाच जणींचे तीन तास होतात, आणि ते वरच्या हिशेबात कुठेही नाहीत. नवरीचं ठरवताना कुणीतरी सहज म्हणतं, ‘आमचं पण थोडंसं करून द्याल ना?’ आणि ताई हो म्हणतात. पाच जणींना दुसरा माणूस हवा, दुसरी खुर्ची हवी, दुसरा आरसा हवा. खोलीबद्दलही कार्यालयाच्या व्यवस्थापकाशी आधीच बोलावं. अनेक ठिकाणी वधूपक्षाच्या खोलीला खिडकी नसते, एकच पिवळा दिवा असतो आणि प्लग पलंगामागे. पिवळ्या उजेडात केलेला मेकअप बाहेर उन्हात गुलाबी आणि जाड दिसतो. दिवसाच्या उजेडासारखा, साधारण ५,००० ते ५,५०० केल्विनचा दिवा आर्टिस्ट स्वतः आणते का, हे विचारावं. न आणणारीला मी तरी काम देणार नाही.

हात कुणाचा लागणार, हा प्रश्न मुहूर्तांमुळेच उभा राहतो. तुळशीच्या लग्नानंतर लग्नं सुरू होतात, चातुर्मासात जवळपास थांबतात, मध्ये गुरू-शुक्राचे अस्त येतात. उरलेल्या तिथींवर सगळ्यांची गर्दी. नावाजलेल्या आर्टिस्टकडे एकाच दिवशी तीन नवऱ्या असतात, सकाळची, दुपारची आणि गोरज मुहूर्ताची. एक लांबली की पुढचीकडे सहायक जाते. सहायकांत वाईट काही नाही, कितीतरी जणी मुख्य बाईपेक्षा सफाईदार काम करतात. पण ट्रायल एकीने करायची आणि लग्नाला दुसरीच यायची, हा प्रकार ग्राहकाला न सांगता होतो. म्हणून थेट विचारावं: त्या दिवशी अजून किती नवऱ्या घेतल्यात, माझ्याआधीची कुठे आहे, आणि चेहऱ्याला हात कोण लावणार? सहायकच येणार असेल तर ट्रायल तिच्याच हातून घ्यावी. दरही तिचा असावा.

स्वच्छतेचं थोडक्यात सांगता येतं, कारण ती डोळ्यांनी दिसते. ट्रायलला गेल्यावर मेकअपची पेटी उघडताना बघा. ब्रशच्या केसांच्या मुळाशी जुना रंग थिजलाय का? लिपस्टिक थेट ओठांना लागतेय की खरवडून स्टीलच्या पॅलेटवर घेतली जातेय? मस्काऱ्याचा ब्रश पुन्हा बाटलीत जातोय की दरवेळी नवी टाकाऊ कांडी? ७० टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलची फवारणी हाताशी आहे का? उघडलेला मस्कारा तीन ते सहा महिन्यांत टाकून द्यायचा असतो. बाटलीमागे उघड्या डबीचं चित्र आणि त्यात ‘६ एम’, ‘१२ एम’ असं छापलेलं असतं, तो उघडल्यानंतरच्या महिन्यांचा आकडा. डोळे आल्यासारखे लाल होणं, पापणीवर रांजणवाडी येणं, यांचं मूळ पुष्कळदा याच एका बाटलीत असतं.

न मानवण्याचं मात्र डोळ्यांना दिसत नाही, त्याला चाचणीच लागते. मार्च २०२३ मध्ये कर्नाटकातल्या हासन जिल्ह्यातली बातमी आली होती: लग्नाआधी पार्लरमध्ये नवं फाउंडेशन आणि वाफ घेतल्यावर नवरीचा चेहरा सुजला आणि तिला रुग्णालयात न्यावं लागलं. असं टाळायला फाउंडेशन, प्रायमर आणि खोट्या पापण्यांचा गोंद यांचा ठिपका कानामागे किंवा कोपराच्या आत लावून ४८ तास बघायचा. ॲलर्जीची प्रतिक्रिया उशिरा उठते, अर्ध्या तासाची चाचणी कामाची नाही. पापण्यांचा गोंद पुष्कळदा लॅटेक्सचा असतो, ज्यांना रबराची ॲलर्जी आहे त्यांनी तो वेगळा मागावा. केस रंगवायचे असतील तर हीच चाचणी डायची. झटपट गडद रंगणारी ‘काळी मेंदी’ हातावर काढूच नये, त्यात बहुधा हेअर डायमधलंच पीपीडी हे रसायन असतं आणि लग्नाच्या दिवशी नक्षीच्या आकाराचे फोड येतात. नवं फेशियल, पील, लेझर लग्नाच्या आधीच्या दोन आठवड्यांत नको. वॅक्सिंग दोन-तीन दिवस आधी. मुरमांसाठी आयसोट्रेटिनॉइनच्या गोळ्या चालू असतील तर वॅक्सिंगच नको, कातडी सोलवटते.

आणि ‘लग्नापर्यंत लावा, उजळाल’ म्हणून पार्लरमधून हातात ठेवली जाणारी बिनलेबलची डबी. इथे सौजन्य दाखवू नये. अकोल्यातल्या एकाच घरातल्या तिघींचं प्रकरण २०२३ च्या सुरुवातीला बातम्यांत होतं. ब्युटीशियनकडून घेतलेलं गोरं करणारं क्रीम, बिघडलेली मूत्रपिंडं, आणि मुंबईत केईएम रुग्णालयातल्या तपासणीत क्रीममध्ये निघालेला पारा. केरळच्या मलप्पुरम जिल्ह्यात डॉक्टरांनी नोंदलेल्या मूत्रपिंडाच्या एका आजाराच्या २२ रुग्णांपैकी १३ जणांनी अशीच क्रीमं वापरल्याचं सांगितलं. पारा त्वचेचा रंगद्रव्य बनवण्याचा मार्ग अडवतो, म्हणून महिनाभरात फरक दिसतो, आणि फरक दिसतो म्हणूनच बायका ते सोडत नाहीत. सौंदर्यप्रसाधने नियम, २०२० नुसार क्रीममध्ये नकळत आलेला पाराही दहा लाख भागांत एका भागापेक्षा जास्त चालत नाही. लेबलवर बॅच क्रमांक, वापराची मुदत, उत्पादन परवान्याचा क्रमांक आणि परदेशी असेल तर आयात नोंदणीचा क्रमांक नसेल, तर ती वस्तू बेकायदा आहे. तक्रार अन्न व औषध प्रशासनाकडे होते. ‘उजळ करा हं’ या लाडिक वाक्याचं दुसरं टोक इथे येतं, म्हणून ते वाक्य निरुपद्रवी आहे असं मला वाटत नाही.

मग या धंद्याला परवाना का नको? डॉक्टरला, वकिलाला लागतो, चेहऱ्याला रसायनं लावणाऱ्याला का नाही? आज दहा दिवसांचा कोर्स केलेली मुलगी आणि आयटीआयमध्ये वर्षभर कॉस्मेटॉलॉजी शिकलेली मुलगी, दोघीही स्वतःला ‘एमयूए’, म्हणजे मेकअप आर्टिस्ट, म्हणवतात. त्यामुळे परवान्याची मागणी स्वाभाविक आहे. पण परवान्याची किल्ली ज्याच्या हाती जाते तो ती कशी फिरवतो, हे मुंबईने पाहिलंय. हिंदी चित्रपटसृष्टीत मेकअप आर्टिस्टचं कार्ड त्यांच्या संघटनेकडून कित्येक दशकं फक्त पुरुषांना मिळे, बायकांनी हेअर ड्रेसर व्हावं असा दंडक होता. चारू खुराना या मेकअप आर्टिस्टने आणि इतर जणींनी न्यायालयाची पायरी चढल्यावर १० नोव्हेंबर २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती बंदी रद्द केली. लग्नाचा मेकअप हे क्षेत्र मात्र पहिल्यापासून बायकांनी स्वतः उभं केलंय. सांगोल्यात किंवा सावंतवाडीत घरातल्या एका खोलीत आरसा आणि खुर्ची मांडून काम करणारी बाई परवान्याच्या खेपांनी आधी बाद होईल, शहरातली मोठी स्टुडिओवाली नाही. त्याऐवजी स्वच्छतेचे चार-पाच साधे नियम पालिकेने ठरवावेत, ते दुकानात दिसतील असे लावायला सांगावेत, आणि प्रत्येक कामाची लेखी पावती सक्तीची करावी. एवढ्याने बरंच साधेल.

पावतीला किंमत आहे, कारण कायदा आहेच. मेकअप ही ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ मधली ‘सेवा’ ठरते. ठरलेली आर्टिस्ट आलीच नाही, भलतीच आली, त्वचेला इजा झाली, तर दोन वर्षांच्या आत जिल्हा ग्राहक आयोगात तक्रार करता येते, आणि मोजलेला मोबदला पाच लाखांपर्यंत असेल तर शुल्क नाही. त्याआधी १९१५ या राष्ट्रीय हेल्पलाइनवर बोलता येतं. अडचण पुराव्याची येते. सगळं फोनवर ठरलेलं, पैसे यूपीआयवर, कशाचे ते कुठेच लिहिलेलं नाही.

लिहून घ्यायला स्टँपपेपर नको. व्हॉट्सॲपवर एक सविस्तर मेसेज आणि त्याला समोरून ‘मान्य’ आलं तरी तो कागदच आहे. त्यात तारीख, मुहूर्त, कार्यालयाचा पत्ता आणि पोचण्याची वेळ. मेकअप कोण करणार तिचं नाव. लूक किती: गौरीहराची पिवळी साडी, नंतरचा शालू, रिसेप्शन, आणि साडी बदलल्यावर नुसता टच-अप की केस नव्याने. फुलं कोण आणणार, पापण्यांचे पैसे धरलेत का, प्रवासखर्च किती, लग्न लांबलं तर तासाचा दर काय. नवरीचे फोटो आर्टिस्ट टाकणार का, आणि टाकले तर फिल्टरशिवाय का, हेही विचारायला लाजू नये. ॲडव्हान्स साधारण एक-तृतीयांश ठीक. आपण रद्द केलं तर तो परत न मिळणं न्याय्य आहे, कारण ती तिथी तिने दुसऱ्यांना नाकारलेली असते. पण तिने रद्द केलं तर पूर्ण रक्कम परत, आणि बदली माणूस तिने देऊन आपण मान्य केलेला. ही दुसरी अट बहुतेक दरपत्रकांत नसते. मागितली की मिळते.

घासाघीस कुठे करावी याचंही भान हवं. पहाटे तीनला उठून पन्नास किलोमीटर येणाऱ्या बाईच्या दरात दोन हजार कमी करून घेतले की ती ते कुठून तरी भरून काढते. बहुधा त्याच दिवशी आणखी एक नवरी घेऊन, किंवा सहायकेला कमी देऊन. त्यापेक्षा लूक कमी करावेत. रिसेप्शनला केस मोकळे सोडून नवी लिपस्टिक लावली तरी पाहुण्यांना जेवण तेवढंच गोड लागतं.

राहिलं उतरवण्याचं. ट्रायलच्याच दिवशी ते विचारून, करून बघावं. वॉटरप्रूफ बेस पाण्याने जात नाही, वेट वाइपने घासला तर चेहरा जळजळतो. क्लिंझिंग बाम किंवा तेलाची छोटी डबी, कापसाचे गोळे आणि पापण्यांच्या गोंदासाठी तेलकट रिमूव्हर नवरीच्या रात्रीच्या बॅगेत हवा, आईकडे राहिलेल्या मोठ्या सुटकेसमध्ये नको. पापण्या ओढायच्या नाहीत, रिमूव्हरचा कापूस अर्धा मिनिट दाबून ठेवायचा, त्या आपोआप सुटतात. केसांवर स्प्रे कडक झालेला असतो, विंचरायच्या आधी कंडिशनर लावून ओले करावेत. आणि अंबाडा बांधून झाला की त्यात किती पिना खोवल्यात तो आकडा करवलीने आर्टिस्टला विचारून फोनमध्ये लिहून ठेवावा. रात्री एक वाजता नव्या घरी, ५२ पैकी ५० निघाल्यात हे ठाऊक असलं, तर उरलेल्या दोन टाळूत रुतायच्या आधी सापडतात.